स्कोल्मा नदीची शीव

केर्लिंगच्या डोंगराला त्या भागात सगळे म्हातारीच म्हणतात. वरून पाहावं तर नुसता बर्फ, पोटात मात्र आग. आग पेटली की बर्फ आतल्या आत वितळतो, आणि मग एक दिवस कडा फुटून पाणी, काळा चिखल आणि घराएवढाले बर्फाचे तुकडे समुद्रापर्यंतच्या वाळूवर धावत सुटतात. त्या वर्षी वसंतात तसंच झालं. मेलुर नावाच्या शेतघरातला स्नोरी मेंढ्या माघारी वळवायला वाळूवर गेला होता, तो आला नाही. मेंढ्याही आल्या नाहीत. चार-पाच वरच्या कुरणात होत्या, त्या राख पडलेलं गवत खाऊन मेल्या. स्नोरीची बायको हालबेरा, नऊ वर्षांचा अत्ली, पाच वर्षांची उना आणि घरात बांधलेली एक म्हातारी गाय, एवढंच मेलुरमध्ये उरलं.

आणि स्कोल्मा नदी. ती पिढ्यान्‌पिढ्या मेलुरच्या पूर्वेनं वाहत होती, ती त्या पुरात उडी मारून पश्चिमेनं वाहायला लागली.

नदीच ती, वळली असेल, असं म्हणून सोडून देता येत नव्हतं, कारण स्कोल्मा ही शीव होती. पश्चिमेला तुंगा गाव, पूर्वेला होल्ट. मेलुर आजवर तुंग्यात होतं. आता नदीला विचारलं तर होल्टमध्ये. एखाद्या चांगल्या कुरणाची गोष्ट असती तर दोन्ही गावं ‘आमचं, आमचं’ म्हणून एकमेकांच्या उरावर बसली असती. पण इथे होती एक विधवा आणि दोन खाणारी तोंडं. त्यामुळे दोन्ही गावं ‘तुमचं, तुमचं’ म्हणून भांडत होती.

निराधारांना गावानं पोसायचं, असा तिथला कायदा. कायदा दयाळू आहे, पाळणारी माणसं हिशेबी आहेत. रविवारी प्रार्थनेनंतर देवळाच्या अंगणात निराधाराला उभं करायचं आणि विचारायचं, ह्याला सांभाळायला गावाकडून कमीत कमी कोण मागतो? जो सगळ्यात कमी मागेल त्याच्या घरी माणूस जायचं. कमी मागणारा कमीच खायला घालणार, हे कळायला पाद्री व्हावं लागत नाही. एका घरची दोन भावंडं एकाच दाराशी कधी जात नसत, कारण दोन तोंडं एका घराला कशी परवडणार?

हालबेरा स्वतः त्या अंगणात उभी राहिली होती. सहा वर्षांची असताना ती एका घरी गेली आणि तिचा धाकटा भाऊ दुसऱ्या. तो दुसऱ्या हिवाळ्यात मेला, हे तिला तिसऱ्या उन्हाळ्यात कळलं, तेही कुणीतरी जाता जाता सांगितलं म्हणून. त्यामुळे नवरा गेल्यावर तिनं छाती पिटली नाही. तिनं मनाशी एकच गाठ मारली, की अत्ली आणि उना एका छपराखाली राहिले पाहिजेत. बाकी जग बुडालं तरी चालेल, आणि तसं ते जवळजवळ बुडालंच होतं.

तिच्या लवकरच एक गोष्ट लक्षात आली. दोन गावांचं भांडण चालू आहे तोवर तिला कुणीच नेत नव्हतं. कुणीच नेत नव्हतं म्हणजे बोली नव्हती. तिघं मेलुरच्या मातीच्या घरात गायीच्या दुधावर, दगडफुलाच्या पेजेवर आणि वाळक्या माशाच्या कातडीवर दिवस काढत होती. पोट भरत नव्हतं, पण एकत्र होती. तेव्हा हे भांडण विझता कामा नये, एवढंच तिनं पाहायचं होतं.

तुंग्याचा कारभारी केतिल आधी आला. जाड, लालबुंद, सतत तपकिरीचं शिंग नाकाशी.

“कशी आहेस हालबेरा? आता तू होल्टची झालीस बरं का. नदीच बोलली, आम्ही काय बोलणार?”

“मीही तेच म्हणत होते, कारभारी,” हालबेरा म्हणाली. “पण होल्टचे ब्रिन्योल्फ येऊन गेले ना. ते म्हणाले, केतिलला म्हणावं नदी काय आज इथे, उद्या तिथे. तुझ्या बापानं शपथेवर सांगितलेली शीव जुन्या पात्रातूनच जाते.”

“माझा बाप काढला त्यानं?”

“मी कशाला खोटं बोलू? आणखीही काही म्हणाले. पण जाऊ दे, कशाला तोंड घाण करा.”

केतिल कॉफीही न पिता उठला, आणि ब्रिन्योल्फ तोवर मेलुरला आलेलासुद्धा नव्हता.

तो पुढच्या आठवड्यात आला. हा हडकुळा, देवभोळा, बोलता बोलता डोळे मिटणारा. त्याला मूलबाळ नव्हतं. एक धाकटा भाऊ होता, एविंद, तोही चार वर्षांमागे मासेमारीच्या होडीबरोबर बुडाला. दाराशी बसल्या बसल्या ब्रिन्योल्फ म्हणाला, “तुझ्या लग्नानंतर दोन उन्हाळे माझा एविंद इथंच गवत कापायला यायचा. ह्याच दगडावर बसून विळा घासायचा. आता आमच्या घराण्यात नाव चालवायलाही कोणी नाही बघ.”

“चांगला माणूस होता,” हालबेरा म्हणाली. “परवा केतिल त्याच्याबद्दल वाईट बोलले, मला बाई ऐकवेना.”

“काय बोलला?”

“म्हणाले, होल्टच्या माणसांना समुद्र कळत नाही आणि नदीही कळत नाही.”

ब्रिन्योल्फनं डोळे मिटले. मग म्हणाला, “नदीनं उडी मारली म्हणून शीव उडी मारत नाही. जुनं पात्र हीच शीव, सांग त्याला. तू तुंग्याचीच.”

असं तिनं अख्खा उन्हाळा चालवलं. दोन कारभाऱ्यांत आधीच विळ्याभोपळ्याचं सख्य, हिला फक्त अधूनमधून फुंकर घालायची होती. कधी जुन्या पात्रातला शिवेचा दगड रात्री कुणी हलवला म्हणून इकडे सांगायची, कधी तिकडे. अत्ली विचारायचा, “आई, तू खोटं का बोलतेस?” ती म्हणायची, “मी खोटं बोलत नाही रे, पेज शिजवतेय.” तो हसायचा. तो हसला की थेट स्नोरी. जाड भुवया, डाव्या गालाला खळी, चालतानाही तसाच एक खांदा पुढे. त्याच्या बारशाला पाद्री सेमुंद म्हणालेसुद्धा होते की ह्या पोराच्या तोंडावर बापानं सही करून ठेवली आहे. बापाचं नाव निघालं की पोरगा ताठ बसायचा. माझा बाप पळू शकला असता, पण त्यानं मेंढ्या सोडल्या नाहीत, असं तो उनाला रोज सांगायचा, आणि उना रोज विचारायची, “एक पण नाही सोडली?”

शरद आला तसं भांडण थकायला लागलं. माणसं कशालाही थकतात, भांडणालासुद्धा. उनाला खोकला जडला होता, राख अजून वाऱ्याबरोबर घरात यायची. केतिलच्या गड्याकडून कळलं, की कारभारी म्हणतोय, एकदाचं मिटवून टाकू. हालबेराला धाक पडला आणि धाकापोटी तिनं चूक केली. मेंढ्या गोळा करायला आलेल्या दोन्ही गावच्या माणसांदेखत ती मोठ्यानं म्हणाली, “मिटवणारे हे दोघं कोण? शीव सरकारची. मी मामलेदारालाच बोलावणं धाडणार आहे. तो येईल, नदी बघेल, किनारा बघेल, आणि काय तो निकाल देईल.”

तिचा हिशेब असा, की मामलेदार येणार तो पुढच्या उन्हाळ्यात. एक हिवाळा पदरात पडला. पण किनारा हा शब्द तिनं तोंडातून काढायला नको होता. दोन वर्षांमागे वाळूला एक भलामोठा देवमासा लागला होता. सरकारी हिस्सा बाजूला काढायचा सोडून तो दोन्ही गावांनी गुपचूप कापून खाल्ला होता, आणि मामलेदार किनाऱ्यावर हिंडला तर ते उघडं पडणार होतं. पाद्री सेमुंदांच्या घरी त्यातलं एक पिंप गेलं होतं. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. वीस वर्षांचं जे वैर कुणाला मिटवता आलं नसतं ते त्या एका शब्दानं मिटवलं.

चौथ्या दिवशी सकाळी दोन्ही कारभारी एकाच वेळी मेलुरच्या अंगणात उतरले. दोघं एकमेकांच्या गालाचे मुके घेऊन भेटले. बरोबर पाद्री होते. कॉफीही त्यांनी स्वतःच आणली होती. हालबेरानं दुसऱ्याची कॉफी आपल्या कपांत ओतली.

“बस हालबेरा,” केतिल प्रेमानं म्हणाला. “मामलेदाराला इतक्या लांब कशाला त्रास? आपण शेजारी आहोत. देवानं नदी मधून नेली ती भांडायला थोडीच?”

“आमेन,” पाद्री म्हणाले.

“तर असं ठरलंय, शीव मेलुरच्या दारातून जाते. अर्धं मेलुर तुंग्याचं, अर्धं होल्टचं. माणसंही अर्धी अर्धी. तू आणि पोरगा माझ्याकडे. तू माझ्याच घरी, पोरगा बोलीवर. पोरगी होल्टला, बोलीवर.”

“दोन्ही लेकरं एकत्र ठेवा,” हालबेरा म्हणाली. “कारभारी, मला कुठेही टाका. त्यांना एका छपराखाली ठेवा.”

तिच्याकडे कुणी पाहिलंच नाही, कारण ब्रिन्योल्फ कप खाली ठेवून ओरडत होता, “वा रे वा! तुला दोन जोड्या हात आणि मला एक खोकला?”

“आणि गाय. गाय तुला दिली ना.”

“गाय म्हातारी आहे.”

“पोरगी लहान आहे. सरासरी काढ.”

पाद्री हसले. ब्रिन्योल्फलाही हसू आलं, आणि तो हसला तेव्हा हालबेराला कळलं, की संपलं. ही माणसं एकमेकांवर हसायला लागली म्हणजे आता भांडणार नाहीत. कोपऱ्यात अंथरुणावर उना खोकत होती. अत्ली दारातून जळणाची ढेपळं आत आणत होता. तिच्या डोळ्यासमोर तिचा भाऊ आला. त्याचं तोंड तिला आता आठवतही नव्हतं.

मग ती बोलली. असं बोलली की जणू गायीबद्दलच सांगतेय.

“अत्ली तुंग्याचा नाही. तो स्नोरीचा नाही. तो तुमच्या एविंदचा आहे, ब्रिन्योल्फ.”

केतिलनं तपकिरीचं शिंग नाकापासून खाली घेतलं.

“बापाचं गाव ते पोराचं गाव,” ती म्हणाली. “हाही कायदाच आहे. तो होल्टचा आहे.”

केतिल आधी हसला. “आत्ता कळलं! तरीच मी म्हणायचो, मेलुरचं गवत वाळायला इतके दिवस का लागतात!”

ब्रिन्योल्फ उठून दाराशी गेला. त्यानं अत्लीची हनुवटी धरून तोंड उजेडाकडे फिरवलं. पोराच्या हातातली ढेपळं तशीच होती. त्या तोंडावर स्नोरीच्या भुवया होत्या, स्नोरीची खळी होती, आंधळ्यालाही चाचपून कळली असती. पण ब्रिन्योल्फच्या घरात चालवायला नाव होतं आणि चालवणारा नव्हता. त्यानं डोळे मिटले, उघडले, आणि त्याला हवं होतं ते दिसलं.

“कपाळ,” तो घोगऱ्या आवाजात म्हणाला. “कपाळ एविंदचं आहे. पाद्रीबुवा, बघा.”

पाद्रींनी बघितलं. देवमाशाचं पिंपही त्यांनी असंच बघितलं होतं. म्हणाले, “हो. कपाळाला काहीतरी आहे खरं.”

मला त्या पाद्रीचा सगळ्यात जास्त राग येतो. केतिल निदान उघड लांडगा होता.

“मग गाय माझी,” केतिल म्हणाला. “पोरगा गेला, त्याच्या जागी गाय. फिटंफाट.”

“घे गाय,” ब्रिन्योल्फ म्हणाला. त्याचं गायीकडे लक्षच नव्हतं. “माझ्या भावाचं रक्त बोलीवर चढणार नाही. माझ्या घरी राहील, माझ्या ताटातलं खाईल.”

“आणि उना?” हालबेरानं लगेच विचारलं. “ती त्याची बहीण आहे. तीही तुमच्याच घरी. पाद्रीबुवांसमोर सांगा.”

“राहील. एविंदच्या पोराची बहीण म्हणून राहील.”

जमलं होतं. तिनं शालीची टोकं गोळा केली आणि उनाचे मोजे शोधायला वळली. “मग आम्ही तिघं आजच निघतो. माझं सामान काही नाहीच. मी तुमच्या गोठ्यात काम करीन, लोकर विंचरीन, उनाला रात्री पाठ चोळावी लागते–”

“तू कुठे?” ब्रिन्योल्फ म्हणाला.

ती एक मोजा हातात घेऊन वळली.

“माझी बायको देवाला भिणारी आहे. तिच्या छपराखाली असली बाई? माझ्या भावाला नादी लावलंस, जिवंत नवऱ्याच्या गळ्यात दुसऱ्याचं पोर बांधलंस, आणि आता माझ्या घरी येऊन जेवणार?”

“हात इकडेच राहतात,” केतिलनं सांगितलं. “तेवढं ठरलेलंच आहे. माझ्याकडे लोकर पडलीय ढीगभर.”

तिनं पाद्रीकडे पाहिलं. पाद्री हळू आवाजात म्हणाले, “मुलांच्या भल्याचाच विचार कर, हालबेरा. पोरगी मोठी होतेय. आईचं उदाहरण डोळ्यांसमोर असणं बरं नाही. देवानं तुला पश्चात्तापाला वेळ दिलाय.”

एका वाक्याचं काम होतं. ‘मी खोटं बोलले’, बस. ते वाक्य तिच्या तोंडात आलंसुद्धा. पण ते बोलली असती तर उद्या रविवारी अत्ली एका अंगणात उभा राहिला असता आणि उना खोकत दुसऱ्या. तिनं ते गिळलं. गोळीसारखं नाही, हाडासारखं, अडकून राहील असं.

अत्लीनं ढेपळं चुलीपाशी नीट रचली आणि तो बाहेर गेला. ती त्याच्यामागे निघाली तर केतिल म्हणाला, “बस ना. कप कोण विसळणार?” तिनं कप विसळले. काय करणार? ती आता तुंग्याची होती.

दुपारी सगळे निघाले. होल्टवाल्यांना जुन्या पात्रातल्या कोरड्या गोट्यांवरून पूर्वेला जायचं होतं, केतिलला नवी नदी ओलांडून पश्चिमेला. ब्रिन्योल्फनं अत्लीला स्वतःच्या घोड्यावर बसवलं आणि उनाला त्याच्या पुढ्यात. पोराच्या अंगावर त्यानं आपला लोकरीचा सदरा घातला होता. हालबेरानं उनाची शाल दोनदा नीट केली, ती आधीच नीट होती.

तिला अत्लीच्या कानाशी एकच शब्द सांगायचा होता. ब्रिन्योल्फ लगाम धरून शेजारीच उभा होता. आणि तो नसता तरी काय? नऊ वर्षांच्या पोराच्या पोटात असली गोष्ट किती दिवस राहणार? एखाद्या दिवशी मार बसला, भूक लागली, राग आला, की तो बोलून टाकणार. मग पुन्हा अंगण. त्याला खरं कळलं नाही तरच तो जेवणार होता.

“उनाला पाणी कोमट दे,” ती म्हणाली. “रात्री उताणी झोपू देऊ नकोस.”

अत्ली घोड्याच्या आयाळीकडे बघत होता. तसाच म्हणाला, “माझा बाप वाळूवर बुडाला. त्यानं मेंढ्या सोडल्या नाहीत.”

“तुझा बाप समुद्रात बुडाला, बाळ,” ब्रिन्योल्फ म्हणाला. तो अगदी मायेनं म्हणाला, हेच वाईट. “तोही शूर होता. मी सांगेन तुला त्याच्याबद्दल.”

तेव्हा पोरानं पहिल्यांदा आईकडे पाहिलं. सकाळपासून एकदाही पाहिलं नव्हतं. तो रागानं पाहत नव्हता. तो वाट पाहत होता.

“आई?”

हालबेरा म्हणाली, “काका म्हणतात ते खरं आहे.”

अत्लीनं मान हलवली. एखादं काम सांगितल्यावर मोठी माणसं हलवतात तशी. मग तो बहिणीच्या कानाशी वाकला. “उना,” तो म्हणाला, “तुझ्या आईला हात कर.”

उनानं दोन्ही हात हलवले. तिला घोड्यावर बसायला मिळालं म्हणून ती खूश होती. जुन्या पात्राच्या पलीकडे जाईपर्यंत ती हात हलवत राहिली, मधूनच खोकायची आणि पुन्हा हलवायची. अत्लीचा एक खांदा पुढे होता. त्यानं मागे वळून पाहिलं नाही.

“चल गं,” केतिल मागून ओरडला. “नदी चढतेय. गाय तू धर.”